गाळलेलं कडवं

इचलकरंजीत आमच्या घरी युनियनची पत्रकं छापून यायची आणि त्यांच्या घड्या घालत मी मोठा झालो. आत्या यंत्रमाग कामगारांमध्ये काम करायची. पत्रकाच्या मागे जागा उरली की ती तिथे एखादी कविता टाकायची, कवीचं नाव न देता. कविता चळवळीची असते, नाव कशाला, असं तिचं म्हणणं. मलाही ते पटायचं. ज्या कवितेला बाजू नाही ती मला आजही वाचवत नाही.

त्यातली एक मला तोंडपाठ होती. सैन्यभरतीचा माणूस शाळेच्या कँटीनमध्ये येतो, पोरांना फुकट पेनं वाटतो आणि पोरं त्याच पेनांनी सह्या करतात. शेवट घोषणेसारखा होता. ही कविता अमेरिकेतली आहे हे मला इथे अमेरिकेत शिकायला आल्यावर कळलं, श्रूजबरी गावच्या ग्रंथालयातल्या एका कवितावाचनात. कवयित्री सत्तरी ओलांडलेली, जन्मभर शाळेत शिकवलेली. श्रोत्यांनी ती कविता मागितली तेव्हा ती म्हणाली, "ती मी आता वाचत नाही."

मला रागच आला. अशी कविता लिहायची आणि मग घाबरायचं? पण संध्याकाळी तिला गाडी चालवणं जमत नसे, म्हणून मी तिला घरी सोडायला निघालो आणि वाटेत ती कविता मराठीत म्हणून दाखवली. ऐकून झाल्यावर तिने विचारलं.

"केक आला का यात?"

"कुठला केक?"

"शेवटच्या कडव्यातला. माझ्या धाकट्या भावाने त्या दिवशी सही केली. घरी येऊन सांगितलं तेव्हा मला इतका आनंद झाला की मी त्याच्यासाठी केक केला. तो परत आला नाही. पेनांचं सगळं मी त्या केकपर्यंत पोचायला लिहिलं होतं." मग म्हणाली, "फलकांवर, पोस्टरांवर, सगळीकडे पेनांपाशीच थांबतात. म्हणून वाचायचं सोडलं."

मी आत्याला फोन करून त्या कडव्याचं विचारलं.

"गाळलं असेल," ती म्हणाली. "पाळी सुटल्यावर गेटवरचा माणूस केक ऐकायला थांबतो होय रे?"

"तिचा भाऊ गेला, आत्या."

"वाईट झालं. पण बहिणीनेच केक केला म्हटल्यावर पत्रक कुणाच्या बाजूचं झालं, ते सांग."

 आत्याच्या जागी मी असतो तर हेच विचारलं असतं, आणि कडवंही गाळलं असतं.

वसंतात कळलं की कवयित्री कॅरी नावाच्या दूरच्या गावी मुलीकडे कायमची राहायला चालली आहे. ग्रंथालयात तिचं शेवटचं वाचन होतं. मी म्हटलं, "आज ती वाचा. पूर्ण वाचा."

"पूर्ण नाही," ती म्हणाली. "उरलेली वाचते."

कवितेचं नाव ऐकताच लोक सरसावून बसले. तिने फक्त शेवटचं कडवं वाचलं. लोणी, साखर, भावाने बोटाने चाटलेलं भांडं. मग ती थांबली. हॉल वाट पाहत राहिला. मी माझ्यासोबत आमच्या कॉलनीतल्या एका काकांना आणलं होतं. ते माझ्या कानाशी कुजबुजले, "सुरुवात कधी करणार या?"

"झाली कविता," मी म्हटलं.

"असं होय. पेनवाली म्हणत होतास ना तू?"

मागे कुणीतरी टाळी वाजवली, मग बाकीच्यांनी, प्रवासाला शुभेच्छा दिल्यासारखी. खुर्च्या सरकल्या. एका बाईने तिला मिठी मारली आणि विचारलं की पेनांची कविता ऐकायची राहिली, ती कुठल्या पुस्तकात आहे. तिने पुस्तकाचं नाव सांगितलं.

घरी सोडताना गाडीत मीच म्हटलं, "मी ऐकलं."

"तुला मी आधी सांगितलं होतं," ती म्हणाली. "तू ऐकणाऱ्यांत धरायचा नाहीस."