न नेलेल्या खुर्च्या

माझ्या बायकोचा धाकटा भाऊ जुन्या खुर्च्या-सोफ्यांच्या गाद्या बदलून देतो. हात असा, की बसलेला माणूस उठायचं नाव घेत नाही. मला लिहायची सवय नाही. पण त्याच्याबद्दल कुणीतरी लिहावं असं वाटलं.

कराचं नाव काढलं की त्याचं डोकं फिरतं. कर भरायच्या दिवशी तो दाढीसुद्धा करत नाही. त्यात दर महिन्याला मावशींच्या विमा-पेन्शनची वर्गणी. मावशी म्हणजे त्याच्याकडे कव्हरं शिवणाऱ्या बाई. नवऱ्यामागे एकट्या, साठीला टेकलेल्या.

काम मंदावलं तेव्हा त्याने ठरवलं, मावशींचं नाव कागदावरून काढायचं आणि पगार हातात द्यायचा. पण सांगायचा धीर होईना.

"भाऊजी, तुम्ही नुसते शेजारी बसा."

मी बसलो.

"मावशी, पुढच्या महिन्यापासून तुमचं काही कापायचं नाही. सगळे पैसे हातात."

मशीन थांबलं. "आणि माझी पेन्शन? थोडक्यावर आलीय."

"मी आहे ना."

"तुम्ही? तुमची कंबर धरली की दुकान आठवडाभर बंद!"

तो खाली बघू लागला. "परवडत नाही हो, मावशी."

"मग तसं बोला ना. माझं भलं करताय असा आव कशाला?" त्यांनी पुढच्या खोलीकडे हात केला. दुरुस्त झालेल्या खुर्च्या तिथे छतापर्यंत रचलेल्या होत्या. गिऱ्हाइकं न्यायला फिरकलीच नव्हती. "यांचे पैसे कधी मागितलेत?"

"बरं दिसत नाही, लोकांच्या मागे लागायला."

"सरकार मागतं म्हणून ओरडता, आणि स्वतः मागायला लाजता!"

मला हसू फुटलं. त्याने माझ्याकडे डोळे वटारले. गिऱ्हाइकांना फोन मावशींनीच लावले. आवाज गोड, पण समोरच्याची सुटका नाही. दोन आठवड्यांत निम्मी खोली मोकळी झाली. एक गृहस्थ तर म्हणाले, "आम्हाला वाटलं, विकलीत आमची खुर्ची!"

वर्गणी त्याला जड जाते हे खोटं नाही. एवढ्याशा दुकानाकडून इतकं घ्यावं का, हे मला ठरवता येत नाही. माझी पेन्शन बिनबोभाट येते, त्यामुळे मी बोलूही नये.

आलेल्या पैशांतून मावशींची वर्गणी भरून आम्ही कचेरीबाहेर आलो. त्याने मोठा सुस्कारा सोडला.

"सुटलो बुवा! आता मावशींकडे सरळ बघता येईल." मग लगेच, "पुढच्या महिन्याचं काय, भाऊजी?"

"निम्मी खोली अजून भरलेलीच आहे की."

तो भर रस्त्यात हसत सुटला.