तेविसावा पोहणारा

पाण्यात उतरले तेवीस. माझ्या वहीत वर आलेले बावीस. मी तिसऱ्यांदा मोजलं. बावीसच.

ही गोष्ट एकोणीसशे पन्नासच्या दशकातली. आठवडाभर मी ठाण्याच्या एका कचेरीत कारकुनी करायचो आणि रविवारी आमच्या पोहण्याच्या असोसिएशनचा ऑनररी सेक्रेटरी असायचो. ऑनररी म्हणजे मान थोडा आणि बोलणी सगळी.

त्या दिवशी कल्याणच्या खाडीत शर्यत होती. बंदरापासून खाली, डोंबिवलीच्या बाजूला. अशी शर्यत ओहोटीबरोबर लावतात, म्हणजे परत फिरणारं पाणी पोहणाऱ्याला पुढे नेतं. भरती संपली की शिट्टी द्यायची, एवढंच त्यातलं शास्त्र. भरतीची वेळ मी वर्तमानपत्रातून उतरवून घेतली आणि पत्रकावर छापून टाकलं, सकाळी नऊ.

नऊला दहा मिनिटं असताना आमचा होडीवाला पोशा जवळ आला. जन्म खाडीत गेलेला आगरी माणूस.

"सायेब, पानी अजून वर चाललाय. यो टायम मुंबैचा हाय. आमचे खारीन पानी मागून येतं."

मला ते पटलं. वर्तमानपत्रातली वेळ मुंबई बंदराची, आणि भरती खाडीतून कल्याणपर्यंत चढायला वेळ लागणारच. मी लगेच अध्यक्षांकडे गेलो. अध्यक्ष अप्पासाहेब, पेशाने वकील.

"तास-दीड तास थांबावं लागेल," मी म्हणालो.

"चीफ गेस्ट खुर्चीत बसलेत. त्यांना काय सांगू, पाणी तयार नाही म्हणून? शिट्टी द्या."

मी शिट्टी दिली. भरतीची भीती होती, पण अप्पासाहेबांची जास्त होती.

पाच मिनिटांत शर्यतीची दाणादाण उडाली. पोरं हात मारत होती आणि जागच्या जागी होती. काही मागे येत होती. आम्ही होड्या घातल्या आणि सापडेल त्याला ओढून घेतलं. काही जण आपणच काठाला लागले. वर आला की त्याचा नंबर वहीत खोडायचा, ही आमची पद्धत. सतरा नंबर तेवढा खोडायचा राहिला. वसंत कर्णिक.

त्याची आई काठावर टॉवेल घेऊन उभी होती. तिने मला विचारलं, "माझा वसू कितवा आला हो?"

"येतोच आहे," मी म्हणालो. आयुष्यात इतकं वाईट खोटं मी बोललो नाही.

होड्या खाली शोधत होत्या. शर्यत खाली जायची होती, म्हणून सगळ्यांचे डोळे खाली. मी पोशाच्या होडीत बसलो आणि म्हणालो, "अजून पुढे घे." त्या माऊलीसमोर रिकाम्या हाताने कसं जायचं, एवढाच विचार डोक्यात होता. गणपतीला नवस बोलून झाला होता.

पोशाने वल्हं थांबवलं. "सायेब, पानी वर जातंय तं मानूस खाली कसा जाईल?"

त्याने होडी वळवली. आम्ही बंदर मागे टाकून वर गेलो. ज्या बाजूला कुणी बघतही नव्हतं, तिकडे. एका वळणाला कोळ्यांनी जाळ्यासाठी खांब रोवले होते. त्यातल्या एकाला वसंत मिठी मारून होता. ओठ निळे, छातीवर खांबाला चिकटलेल्या शिंपल्यांचे ओरखडे. हात सोडवायला आम्हा दोघांना जोर लावावा लागला. होडीत घेतल्यावर तो पहिल्यांदा बोलला, "आईला सांगू नका."

तिला सांगावं लागलं नाही. त्याची छाती पुसताना तिने माझ्याकडे एकदाच पाहिलं. ती मला बोलली असती तर बरं झालं असतं.

अप्पासाहेबांनी पाण्याला दोष दिला. दोष माझा होता. शिट्टी माझ्या तोंडात होती, त्यांच्या नाही.

पुढच्या वर्षी पत्रकावर मी छापलं, 'वेळ: होडीवाला सांगेल ती.' अप्पासाहेब महिनाभर माझ्याशी बोलले नाहीत. त्या वर्षीचे चीफ गेस्ट खुर्चीत सव्वा तास बसले आणि दोन चहा प्यायले. वसंतचं नाव यादीत होतं. त्याची आई टॉवेल घेऊन आली, माझ्यासमोरून सरळ पुढे गेली आणि पोशापाशी थांबली.

"पोशादादा, पाणी फिरलं का?"

"अजून नाय, आई."

ती तिथेच, त्याच्या होडीजवळ उभी राहिली. मी शिट्टी खिशात ठेवली.