सतरा शेरे आणि एक पदर

२००९च्या फेब्रुवारीतल्या शेवटच्या गुरुवारी, संध्याकाळी, दुबईतल्या अल मनखूलमधल्या आमच्या शेजारच्या वहिनींवर अन्याय झाला. तो केला आमच्या वरच्या मजल्यावरच्या काकांनी. अख्ख्या आखातात त्यांच्याइतका सज्जन आणि त्यांच्याइतका छळवादी माणूस दुसरा नसेल.

काका ऑफिसात बिल्डिंगांची ड्रॉइंग तपासायचे. तिथे प्रत्येक ड्रॉइंगवर शिक्का बसतो. ए म्हणजे मंजूर, बी म्हणजे किरकोळ दुरुस्तीसह मंजूर, सी म्हणजे सुधारून पुन्हा आणा, डी म्हणजे साफ नामंजूर. हे शिक्के काकांनी घरी आणले. थाळीवाल्याच्या मेन्यूला सी, हळदीकुंकवाच्या निमंत्रणाला सी, काकूंच्या आमटीला तीस वर्षांत एकदाच बी. पहिल्या फटक्यात ए दिला की बिल्डिंग पडते, म्हणायचे. मंदी आली, क्रेन थांबल्या, ड्रॉइंग येईनाशी झाली, तेव्हा काका इंटरनेटवरच्या मराठी ज्ञानकोशात नवख्यांचे लेख तपासायला बसले. उद्या कुणाची नोकरी जाणार या धास्तीने लोक लिफ्टमध्येसुद्धा हळू बोलत होते, आणि काका स्वतःच्या धास्तीपायी जास्तच बारीक तपासत होते.

वहिनींना लिहायला मीच लावलं होतं, गणपतीत 'ज्ञानकोशात लिहा' अशी पत्रकं वाटून. त्यांनी अब्रावर लेख लिहिला, खाडी ओलांडणाऱ्या लाकडी होडीवर. तेवढ्यात त्यांच्या यजमानांची नोकरी गेली. व्हिसा रद्द, महिन्याभरात देश सोडायचा.

"जायच्या आधी लेख चढू दे गं," त्या म्हणाल्या. "इथे माझ्या नावाचं काहीच नाही. लाइटबिलसुद्धा ह्यांच्या नावाचं."

त्या गुरुवारी काकांचा अभिप्राय आला. सतरा शेरे. 'अब्रात बसलं की वाऱ्यात पदर सांभाळावा लागतो' यापुढे लिहिलं होतं, संदर्भ काय? काढा. सगळ्यांत खाली सी. वहिनींनी लॅपटॉप मिटला आणि बॅगा काढल्या.

मी वर जाऊन भांडले. "काका, तुम्ही त्यांना नापास केलंत."

काका खरोखर गोंधळले. "नापास? अगं, सी म्हणजे परत या. नापास म्हणजे डी. मी जन्मात कुणाला डी दिला नाही."

"हे त्यांना कोण सांगणार?"

मीच सांगितलं. असू दे, म्हणाल्या, आणि कपड्यांच्या घड्या घालत राहिल्या. खाली येऊन दोन शब्द बोलणं काकांना जमेना. अर्धवट काम दाखवायचं नाही, हा बाणा. शुक्रवारी त्यांनी वही घेऊन अब्राच्या अकरा फेऱ्या मारल्या, होडी वितीने मोजली, शेवटी होडीवाल्यानेच "खलास, चाचा" म्हणून उतरवलं. पुढचे तीन आठवडे संदर्भ शोधण्यात गेले. सोळा शेऱ्यांच्या दुरुस्त्या त्यांनी स्वतःच केल्या, सतरावा, पदराचा शेरा खोडला. लेख चढला त्या दिवशी सकाळीच वहिनींचं विमान गेलं होतं.

वहिनींच्या ज्ञानकोशातल्या चर्चापानावर काकांनी एकच अक्षर लिहिलं, ए. वहिनी तिकडे पुन्हा फिरकल्या नाहीत.

पुढे काकाही भारतात परतले. ते पदराचं वाक्य अधूनमधून कुणी लेखातून काढून टाकतं. काका परत घालायचे आणि कारणाच्या जागी लिहायचे, मी स्वतः पाहिलं आहे. माझा राग अजून पुरता गेलेला नाही. पण हल्ली त्यांच्या डोळ्यांना स्क्रीन सोसत नाही. तेव्हा आता तुम्ही लक्ष ठेवा. ते वाक्य तिथे दिसलं नाही, तर परत घाला.