काठ्या मोजल्या, खाडी बुजली

एका ठिकाणची खाडी बुजवली आणि दुसरीकडे तिवरं लावली, तर नुकसान भरून निघतं का? याचं उत्तर मला देता येत नाही. पर्यावरणशास्त्राची पदवी हातात आली तेव्हा वाटलं होतं, येतं.

मस्कतला मी एका सल्लागार कंपनीत काम करते. आमच्या एका प्रकल्पात पद्धत अशी आहे: ज्याला खाडी बुजवायची आहे, त्याने आधी दुसरीकडे तशीच जागा उभी करायची. ती जणू बँकेतली ठेव. तिथली जितकी रोपं जगतील, तितकीच इकडे बुजवायची परवानगी. सूर शहराच्या वाटेवर एका रिसॉर्टसाठी अर्धी खाडी मागच्या वर्षी अशीच बुजली, माझ्या दाखल्यावर. ड्रोनचे फोटो पाहून मी ऑफिसात बसून रोपं मोजली होती. उरलेल्या अर्ध्या खाडीचा दाखला द्यायची वेळ आली, तेव्हा म्हटलं, या वेळी लावणीची जागा स्वतः जाऊन बघू.

पहाटे पाचला मस्कतमधल्या गाला भागातून निघालो. पप्पा तिथल्या गॅरेजमध्ये डेंटिंगचं काम करतात आणि गॅरेजमागच्याच खोलीत आम्ही राहतो. घरात कॉलेज पाहिलेली मी पहिलीच. निघताना त्यांनी मालकाला, म्हणजे अर्बाबला, मुद्दाम हाक मारून सांगितलं, "हमारा लडकी सही करेगा, तबीच उधर काम चालू होएगा." अर्बाब हसून "माशाल्ला" म्हणाला. मला तेव्हा छानच वाटलं.

गाडी चालवायला बशीरचाचा होते. मूळचे दाभोळकडचे, गेली कित्येक वर्षं इथेच. रस्ता उत्तम आहे, टोल नाही. कुरियात गाव सोडलं की एका बाजूला उघडे करडे डोंगर आणि दुसऱ्या बाजूला समुद्र, सावली कुठेच नाही. वाटेत पंपावर करक चहा आणि पराठा घेतला, दोघांचं मिळून एका रियालच्या आत भागलं. तुम्ही जाणार असाल तर पाणी भरपूर घ्या, जुने बूट घाला आणि ओहोटीची वेळ आधी बघून निघा. शेवटचा टप्पा वाळूचा आहे, साधी गाडी रुतते. लावणीच्या जागेचं नाव मी मुद्दाम देत नाही. तिथे बघण्यासारखं काही उरलेलं नाही.

लांबून रांगा सुरेख दिसत होत्या. रोप उभं राहावं म्हणून प्रत्येकाला एक काठी बांधतात. चिखलात उतरून जवळ गेले, तर बहुतेक काठ्यांना नुसती सुतळी होती. काहींना वाळलेली काडी, तिच्यावर शिंपले चिकटलेले. मी शंभर काठ्यांची एक रांग चालले. जिवंत रोपं नऊ. दुसऱ्या रांगेत सात.

ड्रोनच्या फोटोत वरून काठी दिसते आणि तिची सावली दिसते. मी काठ्या मोजल्या होत्या.

"अगो, हय तिवर रुजंल कसा?" बशीरचाचा काठावरून ओरडले. "घडीभर ओहोटी सोडली तं सगला वेल पान्याखाली. तिवर काठाला रुजतो, पानी येतं नि लगेच जातं तिथं. कोनी लावलान ह्यो?"

"कंत्राटदाराने, चाचा."

"नि बघितलान कोनी?"

मी मोबाइल काढून रांगांचे फोटो घ्यायला लागले.

जाळं आवरत बसलेला एक म्हातारा ओमानी कोळी आमच्याकडे बघत होता. नाव सालिम. इथल्या पुष्कळ जुन्या माणसांसारखं त्यालाही मोडकं हिंदी येत होतं.

"तुम कंपनी?"

"हां."

"गिनो, गिनो. लकडी तो पूरा है." तो हसला, मग हसू आवरून म्हणाला, "पहले इधर पंछी बहुत आता था. चिखल में कीडा, कीडा खाता था. लकडी लगाया, पंछी खलास."

"चिखल" हा शब्द त्याला कुठल्या कोकण्याने शिकवला असेल, हे विचारायचं राहूनच गेलं. रिकामा दिसणारा तो चिखल रिकामा नव्हता. एक खाडी बुजवायला आम्ही दुसरीही घालवली होती.

परतताना जुन्या खाडीपाशी थांबलो. अर्ध्या भागात मुरूम पसरून सपाट केलेला. उरलेल्या अर्ध्यात जुनी तिवरं उभी होती, पण भरावाला लागून असलेल्यांची पानं पिवळी पडली होती. तिथलं पाणी अडलं होतं. तिथूनच मी साहेबांना फोन केला.

"अगं, नऊ टक्के वगैरे लिहू नकोस," ते म्हणाले. "पुनर्लागवड सुरू आहे असं लिही. आणि जुन्या दाखल्याचा विषय काढूच नको. त्यावर सही तुझीच आहे."

खोलीवर पोहोचले तेव्हा पप्पा भाकरी थापत होते. "झाली का सही?" मी सगळं सांगितलं. त्यांनी तव्यावरची भाकरी उलटली.

"ठोकलेला पत्रा पुट्टी भरून रंगवला की गिऱ्हाईकाला कळत नाही," ते म्हणाले. "मला कळतं."

"मग काय करता?"

"देतो तशीच गाडी. पोट आहे." भाकरी माझ्या ताटात टाकत म्हणाले, "तुला त्याच्यासाठी नाही शिकवलं."

बुजलेली अर्धी खाडी आता परत येणार नाही. उरलेली वाचेल की नाही, तेही माझ्या हातात नाही. दुसऱ्या कुणाची सही त्यांना मिळेलही. ऑफिसने माझं ओळखपत्र मागून घेतलं आहे आणि व्हिसाचं काय होणार, हे कुणी सांगत नाही.

परवा सकाळी मी अहवाल पाठवला, रांगांचे फोटो जोडून, मोजलेला आकडा लिहून. सोबत दुसरं पत्र होतं, साहेबांना आणि परवानगी देणाऱ्या कार्यालयालाही: मागच्या वर्षी मी रोपं नाही, काठ्या मोजल्या, त्या दाखल्यावरची माझी सही मी मागे घेते आहे.