चांदवडला पाठवलेली मुलगी

“मॅडम, पोलीस आलेत घरी. सानवी कुठंय विचारत्यात. मी म्हटलं, मला नाय ठाऊक.”

फोन माझ्या अशिलाच्या, मेघाच्या वडिलांचा होता. सानवी त्यांची सहा वर्षांची नात. ती चांदवडला मामाकडे होती, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. मलाही होतं. तिला तिकडे पाठवा असं मीच सुचवलं होतं.

मेघा सुट्टीला म्हणून मुलीला घेऊन कॅनडाहून नाशिकला माहेरी आली आणि परत गेलीच नाही. नवऱ्याशी पटत नव्हतं. त्याने तिकडच्या कोर्टातून मुलीला परत पाठवण्याचा हुकूम मिळवला आणि मुंबईला हायकोर्टात हेबियस कॉर्पस याचिका टाकली. हेबियस कॉर्पस म्हणजे, अमुक माणूस ज्याच्या ताब्यात आहे त्याने त्याला कोर्टापुढे आणावं. हा खरं तर बेकायदा डांबलेल्या माणसासाठीचा उपाय. मुलांच्या बाबतीत कोर्ट मुख्यतः बघतं ते त्यांचं भलं कशात आहे.

आमच्याकडे घरात कटकटी सुरू झाल्या की पोरांना चार दिवस मामाकडे धाडतात. त्यात कोणाला काही वावगं वाटत नाही. मलाही वाटलं नाही, आणि तेही इतकी वर्षं वकिली करून! कोर्टाच्या सांगण्यावरून आलेल्या पोलिसांच्या रिपोर्टमध्ये मात्र आलं, ‘मुलगी पत्त्यावर नाही, आजोबा ठावठिकाणा सांगत नाहीत.’

दुसऱ्या दिवशी मेघा आणि वडील ऑफिसात आले.

“दवाखान्यात नेली होती म्हणून सांगू,” वडील म्हणाले. “सर्टिफिकेट मिळंल.”

“काका, एक खोटं पुरे झालं. मामाकडे होती, असंच लिहायचं.”

“मग तुमचं नाव येईल, मॅडम,” मेघा म्हणाली.

“येऊ दे.”

म्हटलं आणि कोरा कागद पुढे ओढला.

अ‍ॅफिडेव्हिटमध्ये सगळं लिहिलं. तारखेला सानवीला घेऊन हायकोर्टात गेलो. न्यायमूर्तींनी कागद वाचून विचारलं, “मुलीला हलवायचा सल्ला तुमचा?”

“हो, माय लॉर्ड.”

त्यांनी तेवढं टिपून घेतलं. झापलं असतं तर बरं वाटलं असतं.

मग ते चेंबरमध्ये सानवीशी एकटीशी बोलले. ती काय म्हणाली ते आम्हाला निकालातच कळलं. तिकडच्या शाळेतल्या मैत्रिणींची नावं तिने सांगितली होती. आणि हेही सांगितलं होतं, की मामाच्या दारात गाडी थांबली की तिने आतल्या खोलीत जाऊन गप्प बसायचं. मामाने बिचाऱ्याने काळजीपोटीच तसं सांगितलं असणार. वाचताना मला माझीच लाज वाटली.

मुलीला कॅनडाला परत न्यावं, ताबा कोणाचा ते तिकडचं कोर्ट ठरवेल, असा निकाल झाला. मेघाला सोबत जायची मुभा मिळाली. नवऱ्याने तिला वेगळं घर करून द्यायचं आणि तिच्याविरुद्ध तिकडे केलेली पोलीस तक्रार मागे घ्यायची, तसं त्याच्याकडून लिहून घेतलं.

कोर्टाबाहेर मेघाने निकालाची प्रत पिशवीत ठेवली. मग म्हणाली, “जायचं तर जाऊ, मॅडम. पण त्या खोलीचं ती जजसाहेबांना बोलली. मला एकदाही बोलली नाही.”



आता असा अशील आला की वकालतनाम्यावर सही घेण्याआधी सांगते: मूल घरीच ठेवा. पोलीस आले तर त्यांना खुर्ची द्या आणि मुलाला हाक मारा. हे जमणार नसेल तर दुसरा वकील बघा.