रंजनाबाईच्या काचा

लग्न होऊन सारंगखेड्याला येण्याआधी रंजनाला सांगितलं गेलं होतं की मुलाकडे केळी आहे, कपाशी आहे आणि एक तंबू आहे. केळी आणि कपाशी तिला कळली. तंबूचं कोणी नीट सांगेना. आल्यावर पाहते तर तो सिनेमाचा तंबू.

तिचा नवरा रतिलाल याला शेतापेक्षा सिनेमाचं वेड. त्याने सुरतेहून एक जुनं मशीन आणि तेलावर चालणारं इंजिन आणलं होतं. पाऊस सरला की तंबू, खांब, बाकडी सगळं बैलगाड्यांवर लादून तो प्रकाशा, शहादा, तळोदा असा फिरायचा आणि मार्गशीर्षात घोड्यांच्या यात्रेला घरी परतायचा. मशीन चालवायला नवापूरकडच्या डोंगरातला चिंधा होता. तो फार बोलत नसे. पण पडद्यावरचं चित्र थरथरलं, तर इंजिनाच्या कोणत्या भागात दुखतंय ते तो आवाजावरून ओळखायचा.

अडचण एकच होती. मशीन एकटं असल्यामुळे एक रीळ संपलं की दुसरं चढवेपर्यंत पडदा पांढरा राहायचा. लोक शिट्ट्या मारायचे, केळीची सालं फेकायचे. म्हणून त्या वेळात भिंग बसवलेल्या दिव्याच्या पेटीतून जाहिरातीच्या काचा दाखवत. तळहाताएवढी काच, तिच्यावर एखाद्या कापड दुकानाचं किंवा सायकलवाल्याचं नाव. या काचा शहाद्याचा एक पेंटर करून द्यायचा. एका वर्षी, पंचावन्न-छप्पन साल असेल, तो कामासाठी सुरतेला गेला तो परतलाच नाही. रतिलाल स्वतःच अंगणात ब्रश घेऊन बसला. त्याची अक्षरं वारा लागल्यासारखी एका अंगाला कलायची. रंजना बराच वेळ दारातून बघत होती. शेवटी तिने त्याच्या हातातून काच घेतली.

तिला चित्रांचा हात लहानपणापासूनचा. माहेर खापरचं. बाजाराच्या दिवशी जे जे चेहरे दिसतील ते ती गोठ्याच्या भिंतीवर कोळशाने काढायची, आणि वडील दर दिवाळीला भिंत सारवून सगळा बाजार पुसून टाकायचे. काचेचं तंत्र तिने स्वतःच शोधलं. दिव्यावर धरून काच काजळीने काळी करायची, मग सुईने रेघा ओढायच्या. पडद्यावर त्या रेघा पांढऱ्याशुभ्र उमटत. रंग हवा असला तर कपड्याचा रंग डिंकात कालवून लावायचा. चित्र पुसू नये म्हणून वर दुसरी काच ठेवून कडेने कागद चिकटवायचा.

सायकलवाल्याची काच तिने अशी केली: सायकलवर नवरा, मागे बायको, बायकोच्या मांडीवर पोर, दांड्यावर दोन पोरं आणि पुढच्या टोपलीत शेळी. खाली लिहिलं, ‘टायर आमच्याकडचा आहे.’ तंबू हसला. चिंधाने रीळ चढवलं तरी लोक काच पुन्हा दाखवा म्हणू लागले. मग भांड्यांच्या दुकानदाराला तशीच हवी, शिंप्याला हवी. काही दिवसांनी रंजना कुठल्याही दुकानाशिवायच चित्रं काढू लागली. बसमध्ये कोंबडी घेऊन चढणारा माणूस, मुलगी बघायला येऊन जेवणावरच नजर असलेला मामा. लोक आता रीळ संपायची वाट बघायचे.

हे कोण काढतं ते बाहेर कोणाला माहीत नव्हतं. घरात सासूबाईंना, जसोदाबाईंना, माहीत होतं आणि ते त्यांना पसंत नव्हतं. “काचले काळं काय फासी ऱ्हायनी तू?” असं त्या येता-जाता विचारायच्या. उत्तराची वाट त्या बघत नसत.

मग यात्रा आली. तापीच्या काठी घोड्यांच्या रांगा लागल्या, व्यापारी आले, शौकीन आले. रंजनाने त्या वर्षी एक नवी युक्ती केली. काजळी न लावता एका काचेवर रंगाने घोडा काढला आणि दुसरीवर नुसता घोडेस्वार: भरघोस मिशा, मोठा फेटा, त्याहून मोठं पोट. दोन्ही काचा एकमेकींवर ठेवायच्या आणि चिंधाने वरची काच बोटाने हळूच वर-खाली करायची. पडद्यावर स्वार खोगिरावर असा उडू लागला की बायकांच्या कनातीपलीकडूनही हसू आलं.

सगळ्यांनी ओळखलं की ते पोट इंद्रसिंगचं आहे. इंद्रसिंग दरवर्षी यात्रेला यायचा. घोड्यांचा मोठा पारखी. त्याने नाही म्हटलेला घोडा दुसरं कोणी घेत नसे. त्या खेळाला तो स्वतः बाकड्यावर बसला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो घोड्यावर बसूनच रतिलालच्या दारात आला. रतिलालने खाट टाकली, चहा मागवला आणि जगात एकसारखी पोटं पुष्कळ असतात असं काहीतरी बोलायला सुरुवात केली. इंद्रसिंगने त्याला हाताने थांबवलं.

“पोट माझंच आहे. ते जाऊ दे,” तो म्हणाला. “पण ज्याने तो घोडा काढला, त्याने घोडा कधी पाहिलाय का?”

आतून डोक्यावर पदर घेऊन रंजना बाहेर आली. जसोदाबाई तिच्या मागे दारापर्यंत आल्या आणि तिथेच थांबल्या.

“मी काढला,” रंजना म्हणाली. “पाहिलाय. पण उभा असलेलाच पाहिलाय.”

इंद्रसिंग चहा तसाच ठेवून उठला. “चल तर बहेन, चालताना बघ,” म्हणाला आणि घोड्यावर चढला.

त्याने गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत घोडा आधी सावकाश चालवला, मग दुडक्या चालीने. प्रत्येक फेरीला तो ओरडून सांगायचा की उजवा पुढचा आणि डावा मागचा पाय एकदम उचलतो, आता उलट बघ, मधे एक क्षण चारही पाय जमिनीवर नसतात तो पकड. रंजना उंबऱ्यापाशी बसून फरशीवर कोळशाने पाय काढत होती. पुसत होती, पुन्हा काढत होती. अर्धं गाव गोळा झालं. घोड्याला घाम फुटला तेव्हा इंद्रसिंग उतरला. काचांवरची चित्रं रतिलालची बायको काढते, हे गावाला असं कळलं.

यात्रा संपेपर्यंत रंजनाने दुसरं काम केलं नाही. तिने खिडकीच्या काचेची लांब पट्टी कापून घेतली आणि तिच्यावर एकाच घोड्याची एकापुढे एक चित्रं काढली, प्रत्येकात पाय थोडे पुढे गेलेले. चिंधाने एका हाताने पट्टी सरकवायची आणि सरकवताना दुसऱ्या हाताच्या तळव्याने भिंग झाकायचं. पहिल्यांदा त्याने पट्टी उलट्या बाजूने घातली आणि घोडा पाठीमागे पळत गेला. चिंधा हसताना त्या दिवशी पहिल्यांदा दिसला, असं रंजना सांगायची.

यात्रेच्या अखेरच्या खेळाला पडद्यावर घोडा दुडका धावला. जरा अडखळत, जरा लुकलुकत, पण धावला. पट्टी संपली, चिंधाने ती परत पहिल्यापासून ओढली. तंबूत शिट्टी वाजली नाही. इंद्रसिंग बाकड्यावरून उभा राहिला होता. “आता घोडा आहे,” एवढंच म्हणून तो खाली बसला.

त्या संक्रांतीला रतिलालने हळदीकुंकवाचा म्हणून फक्त बायकांचा खेळ ठेवला. सिनेमाआधी तुझं काहीतरी दाखव, असं तो रंजनाला म्हणाला. तिने आपलीच गोष्ट काढली. खापरचा गोठा आणि त्यावरचा कोळशाचा बाजार. बैलगाडीत लग्नाचा शालू सावरत बसलेली ती. नावेतून तापी ओलांडताना घाबरून मिटलेले डोळे. पहिल्या दिवशी करपलेली भाकरी, आणि नवऱ्याचा तंबू पहिल्यांदा बघून वासलेलं तोंड. पडद्याशेजारी उभं राहून ती एकेक चित्र समजावत होती. तिचा आवाज सुरुवातीला कापत होता. भाकरीपाशी बायका हसू लागल्या आणि मग तो सरळ झाला. नावेच्या चित्राला काहींनी पदराने डोळे पुसले. त्याही तशाच आल्या होत्या.

जसोदाबाई पुढच्या रांगेत होत्या. त्या हसल्या नाहीत की रडल्या नाहीत. घरी आल्यावर तिळाचा डबा जागेवर ठेवून त्यांनी विचारलं, “तुझ्या गोष्टीत चूल आहे, भाकरी आहे, नवरा आहे. सासू कुठे आहे?”

रंजनाने खरं ते सांगितलं. “भीती वाटली, आत्याबाई.”

“मन्हं नाक मोठं शे म्हणून?”

रंजनाने होकाराची मान हलवली.

“मग मोठंच काढ,” जसोदाबाई म्हणाल्या. “पण काढ. मी काय त्या दिवशी घरात नव्हते?”

त्या वर्षभरात जसोदाबाई दुपारी काम आटोपलं की सुनेजवळ येऊन बसू लागल्या आणि आपलं सांगू लागल्या. माहेरच्या म्हशीचं शेपूट धरून त्या तापीत पोहायला शिकल्या होत्या. लग्नात नवरदेवाचा फेटा डोळ्यांवर घसरला आणि त्याने दुसऱ्याच मुलीच्या गळ्यात माळ घालायला हात पुढे केला होता. हे रंजनाने कधी ऐकलं नव्हतं. रतिलालनेही नव्हतं. पुढच्या संक्रांतीला जसोदाबाईंची गोष्ट लागली तेव्हा त्या स्वतः पडद्याशेजारी उभ्या राहिल्या आणि चिंधा काचा घाईने बदलतो म्हणून भर तंबूत त्याला रागावल्या. म्हशीची काच त्यांनी तीनदा दाखवायला लावली. नाक अगदी बरोबर आलं होतं.

त्यानंतर जिथे तंबू लागेल तिथल्या बायका रंजनाकडे यायच्या आणि माझंही काढ म्हणायच्या. कोणाची विहिरीवरची भांडणं, कोणाचा पळून गेलेला आणि लाजत परत आलेला नवरा. रंजना आधी ऐकून घ्यायची आणि मग विचारायची की हे पडद्यावर चालेल ना. एखादी नको म्हणाली तर काढायची नाही.

साठ सालानंतर शहाद्यात पक्कं थिएटर झालं. तंबूचं कापड जागोजागी विरलं होतं, आणि लोकांना आता पंख्याखाली बसायची सवय लागली. रतिलालने मशीन विकलं. काही दिवस तो केळीच्या बागेत उदास हिंडला, मग नव्या मोटारपंपात रमला. इंजिनाचा नाद त्याला पुरेसा होता. चिंधाला थिएटरवाल्यांनीच नोकरीवर घेतलं. तिथे जाऊन त्याने पहिल्याच आठवड्यात मालकाला सांगितलं की मशीन ठीक आहे, पण काचा मेल्या आहेत. सारंगखेड्याच्या बाईंना बोलवा.

मालक स्वतः आला. पेंटर म्हणून बाई ठेवल्याचं त्याने ऐकलं नव्हतं, हे त्याने दोन-तीनदा बोलून दाखवलं. जसोदाबाईंनी त्याला खाटेवर बसवलं आणि त्याचं बोलणं संपल्यावर विचारलं की काचा कधीपासून हव्यात. पुढे नंदुरबारच्या आणि नवापूरच्या थिएटरांचंही काम रंजनाकडे आलं. लोक तिला रंजनाबाई म्हणू लागले. काचेच्या कोपऱ्यात ती बारीक अक्षरात आपलं नाव घालायची, आणि ते वाचायला पोरं पडद्याजवळ धावायची.

आठवड्याला एकदा ती एस.टी.ने शहाद्याला जायची. मांडीवर सुताराकडून करून घेतलेली लाकडी पेटी, तिच्यात खाचा, खाचांत काचा. अडुसष्ट सालच्या एका बाजाराच्या दिवशी गाडी खच्चून भरली होती. शेजारच्या बाईने पेटीत काय आहे विचारलं. रंजनाबाईने एक काच काढून खिडकीच्या उन्हात धरली. ती बाई हसली आणि तिने काच मागच्या बाईला दिली. मग दुसरी निघाली, तिसरी निघाली. शेंगांची गाठोडी आणि कोंबड्या यांवरून काचा हातोहात मागच्या बाकापर्यंत गेल्या. पुरुषही माना लांब करू लागले. कंडक्टर तिकिटं फाडायचं सोडून एक काच उन्हात धरून उभा राहिला, आणि ड्रायव्हरने आरशातून विचारलं की पुढे कोणी दाखवणार आहे की नाही. शहाद्याचा स्टँड आला तेव्हा एकेक काच पुढे परत आली. रंजनाबाईने खाचा भरून पाहिल्या. एकही फुटली नव्हती. तिने पेटी उचलली आणि थिएटरच्या रस्त्याला लागली.