नाना ट्रॅक्टरच्या मागे उभे राहत नसत

आमच्या घरात चूल पेटायची ती बैलांच्या खुरांवर. अब्बा नालबंद. रविवारी बीडच्या गुरांच्या बाजारात चिंचेखाली बसायचे, दोर टाकून बैल आडवा पाडायचे, चारी पाय बांधायचे आणि खुरांना लोखंडी पत्र्या ठोकायचे. आजोबांनीही आयुष्यभर हेच केलं. मी शाळेत होते तोवर अब्बांपुढे बैलांची रांग असायची. मग गावोगाव ट्रॅक्टर आले आणि रांग आखडत गेली. पुढे पुढे तर अब्बा खिळ्यांची पिशवी जशी भरून न्यायचे तशीच भरलेली परत आणायला लागले. अम्मी सीताफळाच्या दिवसांत व्यापाऱ्याकडे फळं निवडायला जायची, एरवी गोधड्या शिवायची. मी बारावीला चांगल्या मार्कांनी पास झाले तेव्हा अब्बांनी खाली बघत सांगितलं की कॉलेजचं काही जमणार नाही, आपण पुण्याकडे जाऊ, गाड्या-ट्रॅक्टर बनवणाऱ्या एका कंपनीच्या गेटवर वॉचमनची जागा आहे. म्हणजे ज्या गाड्यांनी आमचं पोट मारलं, त्यांचीच राखण करायची. अब्बा हे गमतीने बोलले नव्हते, पण अम्मीला हसू फुटलं आणि मग आम्ही सगळेच हसलो. हसून झाल्यावर मी मोरीत जाऊन रडले.

आमचं ते पुण्याला जाणं ज्या माणसामुळे राहिलं, ते भानुदास नाना.

नाना पालीचे. जातिवंत हेडी, म्हणजे बैलांचे दलाल. पांढरं धोतर, डोक्याला गुलाबी रुमाल, खांद्यावर उपरणं. बैल कमी झाले तसे बाकीचे दलाल ट्रॅक्टरला शिव्या घालत बसले. नानांनी बाजाराच्या कडेला जुने ट्रॅक्टर उभे करून विकायला सुरुवात केली. धंदा बदलला, पण माणूस बदलला नाही. ट्रॅक्टरजवळ जाताना ते डावीकडूनच जायचे, आधी बॉनेटवर हात ठेवायचे, दोन थापा मारायचे आणि मगच पुढचं बोलायचे. ट्रॅक्टरच्या मागे ते कधीच उभे राहत नसत. कोणी विचारलं, नाना, हा काय लाथ मारतोय का, की म्हणायचे, "मारणार न्हाई. पर आपण सवय कावून मोडायची?"

त्यांच्या पहिल्या ट्रॅक्टरची गोष्ट बाजारात सगळ्यांना पाठ होती. नानांनी तो घेताना सगळं विचारलं. चढ ओढतो का, चिखलात बसतो का, डिझेल किती पितो. फक्त चालू होतो का, हे विचारलं नाही, कारण बैल चालू करावा लागत नाही. घरी आणल्यावर कळलं की त्याचा स्टार्टर कधीच गेलाय आणि उतारावरून ढकलल्याशिवाय तो जागा होत नाही. मग नाना तो रोज तळ्याच्या बांधाच्या उतारावर नेऊन उभा करायचे. गिऱ्हाईक आलं तेव्हा त्यांनी किंमत सांगायच्या आधी सांगितलं, "ह्याला एक खोड हाय. म्हाताऱ्या बैलावानी हाय, बसला की उठवावा लागतो. तुमच्या वावराला उतार असंल तर घ्या, न्हाईतर चहा पिऊन जावा." त्या माणसाचं शेत डोंगराच्या कडेला होतं. त्याने घेतला, आणि पुढच्या वर्षी आपल्या मेव्हण्यालाही नानांकडेच घेऊन आला. तेव्हापासून नानांचं ठरून गेलं. खोड आधी, भाव मागून.

भाव ठरवण्याची रीत मात्र त्यांनी बैलांच्या बाजारातली जशीच्या तशी ठेवली होती. दोघांनी समोरासमोर बसायचं, हातावर उपरणं टाकायचं आणि त्याखाली एकमेकांची बोटं दाबायची. जितकी बोटं धरली तितका भाव. तोंडाने काही बोलायचं नाही, म्हणजे शेजारच्या सौद्याला धक्का लागत नाही आणि नाही जमलं तरी कुणाचा पाणउतारा होत नाही. मोबाईलवर ट्रॅक्टरचे भाव फोटोसकट दिसायला लागले होते, तरी नानांचं उपरणं हललं नव्हतं.

पुण्याला जायची तयारी चालू होती त्याच दिवसांतला एक रविवार. मी अब्बांचा डबा घेऊन बाजारात गेले होते. नानांच्या ट्रॅक्टरांपुढे गर्दी होती. उमापूरच्या सुभद्राकाकू आपल्या नवऱ्याला, तात्यांना, घेऊन आल्या होत्या. घाटनांदूरच्या एका शेतकऱ्याचा निळा ट्रॅक्टर त्यांना पसंत पडला होता. नानांनी खोडी सांगितल्या, काकूंनी ऐकल्या. मग नानांनी उपरणं काढून तात्यांपुढे हात केला, तर काकूंनी तात्यांचा हात मागे ओढला.

"ह्यांचा न्हाई, माझा हात धरा," काकू म्हणाल्या. "गेल्या टायमाला ह्यांनी असंच कापडाखाली बैल घेतले. ते कितीला पडले ते मला आजून कळलं न्हाई."

गर्दी हसली. तात्या छत्री उघडून तिच्या आड गेले. नाना मात्र अडचणीत आले. भर बाजारात दुसऱ्याच्या बायकोचा हात उपरण्याखाली धरायचा कसा? आणि भाव मोठ्याने बोलायला तो घाटनांदूरचा शेतकरी तयार नव्हता. नानांनी इकडेतिकडे पाहिलं. त्यांची नजर माझ्यावर आली.

"शाहीन बेटा, तुला धापर्यंत येतं ना? बस हितं."

अब्बा खिळ्यांची पिशवी तशीच टाकून आले. मुलीच्या जातीने बाजारात बसायचं हे त्यांना अजिबात पसंत नव्हतं, पण नानांना नाही म्हणणंही त्यांना जमत नव्हतं. नानांनी मला एका बाजूला घेऊन रीत सांगितली. लाखाचा आकडा आधीच ठरला होता, ओढाताण होती ती वरच्या हजारांची. एका बोटाला दहा हजार. नाना शेतकऱ्याचा भाव माझ्या हातात देणार, मी तो ओढणीखाली काकूंच्या हातात द्यायचा, काकू जे धरतील ते परत नानांना. मधे मी फक्त हात.

सौदा सुरू झाला. काकूंनी पदराखालून हात काढला तो थेट माझ्या ओढणीखाली घातला. दोन फेऱ्या झाल्या, चार झाल्या. शेवटी नानांनी माझी पाची बोटं आवळली. मी ओढणीखाली काकूंचा सगळा पंजा मुठीत धरला. काकूंनी डोळे मिटले, थोडा विचार केला आणि मान हलवली. नानांनी टाळी दिली, बॉनेटला हळद लावली, कोणी तरी नारळ फोडला. मला तर आपण काही तरी मोठं केलं असंच वाटलं.

काकूंनी पैसे मोजले तेव्हा ते दहा हजारांनी कमी भरले.

घाटनांदूरचा शेतकरी उठून उभा राहिला. काकू म्हणाल्या, पोरीनं चार बोटं धरली. मी म्हणाले, मी पाच धरली. शेजारच्या एका दलालाला एवढंच हवं होतं. तो म्हणाला, "नाना, आता बाजारात मेंदीबी काढायला बसवा." लोक खदखदून हसले. शेतकरी म्हणाला, सौदा मोडला. अब्बांनी माझा दंड धरला आणि हळू आवाजात म्हणाले, चल घरी. मला त्या क्षणी कळलं की मी नुसती बाजारातून घरी चाललेली नाही. आता पुण्याचंच नक्की.

नानांनी हात वर करून सगळ्यांना थांबवलं आणि काकूंना म्हणाले, "काकू, जरा हात दावा."

काकूंनी पदरातून उजवा हात बाहेर काढला. त्याला करंगळी नव्हती. चारा कापायच्या कडबाकुट्टीत गेली होती, बऱ्याच वर्षांपूर्वी, आणि तेव्हापासून तो हात पदराखाली ठेवायची त्यांना सवय लागली होती. मी सगळा पंजा धरला म्हणजे माझ्या हिशेबाने पाच, आणि काकूंच्या हिशेबाने चार. दोघीही खऱ्या.

नाना ट्रॅक्टरच्या मडगार्डला टेकले आणि हसायला लागले. रुमालाच्या टोकाने डोळे पुसत हसत राहिले. "आख्खी जिंदगी बैलाचे दात मोजले," ते म्हणाले, "माणसाची बोटं मोजायची ऱ्हाऊन गेली. पाव्हणं, हातातली चूक ही दलालाची चूक. ह्या पोरीला मी बसवलंय. कमी पडलेलं मी भरतो, तुमचा सौदा पक्का."

काकू मधेच बोलल्या. "तुमी कावून समदं भरता? बोट माझं गेलंय. निम्मं मी देते." मग त्या मघाच्या दलालाकडे वळल्या. "अन् ऐका हो मेंदीवाले. आमच्या बचत गटातल्या बायका येणार हायत ट्रॅक्टर बघायला. ही पोरगी बसणार असंल तर हितं येतील, न्हाईतर दुसरा बाजार बघतील."

तो दलाल तंबाखू चोळायला लागला. तात्यांनी छत्रीआडून हळूच विचारलं की मग ट्रॅक्टर पडला कितीला. काकू म्हणाल्या, "बैल कितीला पडले ते सांगा, मग सांगते."

अब्बांनी अजून माझा दंड सोडला नव्हता. नाना त्यांच्याजवळ आले. मी बारावी झालेय आणि आम्ही निघालोय, हे त्यांना माहीत होतं. ते अगदी साध्या आवाजात म्हणाले, "रहीमभाई, पुण्याला कुणाच्या गेटावर उभं ऱ्हायचं, का हिला रोज कॉलेजच्या गेटावर सोडायला जायचं, ते तुमी ठरवा. दलालीतला वाटा हिचा. बाजार रविवारी, बाकी समदे दिवस हिची बुकं."

अब्बांनी माझा दंड सोडला. मग त्यांनी एवढंच विचारलं, "रविवारीच ना?"

काकूंच्या गटातल्या बायका खरंच आल्या. त्यांच्यामागून आणखी आल्या. काही ठिकाणी ट्रॅक्टर बाईच्या नावावर घेतला की सवलत मिळायची, म्हणून नवरे बायकोला घेऊन यायचे, आणि एकदा आलेली बाई मग नुसती सही करून गप्प बसायची नाही. ओढणीखालचा हात माझा. शेतकरी असो की मास्तर, बायको सौदा करत असताना सगळ्यांचा चेहरा तात्यांसारखाच व्हायचा.

नानांनी मला धंदा शिकवला तो बोलता बोलता. धुऊन पुसून आणलेल्या ट्रॅक्टरवर त्यांचा कधीच भरवसा नसायचा. "लई चकचकीत हाय म्हंजी कालच रडलाय," असं म्हणून ते खाली वाकून तेलाचे डाग शोधायचे. विकणारा फार बोलायला लागला की मला हळूच सांगायचे, "ह्याला चहा दे. तोंड गुंतलं की ट्रॅक्टर बोलंल." आणि खरंच, तो चहा पीत असताना इंजिनाचा खडखडाट नीट ऐकू यायचा.

मीही त्यांना एक गोष्ट शिकवली, आणि ती सोपी नव्हती. नानांच्या लेखी टाळी दिली की व्यवहार संपला. कागद कुणाच्या नावावर आहेत, याच्याशी त्यांना देणंघेणं नसायचं. "बैलाला कुठं आरसी असती?" हे त्यांचं उत्तर. मी कॉमर्सला होते. मी त्यांना समजावलं की विकलेला ट्रॅक्टर उद्या कुणाला धडकला तर पोलीस पहिल्या मालकाच्या दारात उभे राहतील. ते दोन रविवार माझ्याशी नीट बोलले नाहीत. तिसऱ्या रविवारी स्वतःच म्हणाले, चल बेटा, त्या आरटीओत काय असतं ते दाव. तिथे खिडकीसमोर उपरणं काढून उभे राहिले. मी म्हणाले, नाना, इथे फी ठरलेली असते. ते म्हणाले, "आसू दे. ईचारायला काय जातंय?" त्यानंतर मात्र नाव चढवल्याशिवाय त्यांनी कुणाला चावी दिली नाही, आणि हा नियम आपलाच जुना असल्यासारखा सगळ्यांना सांगायचे.

बी.कॉम.चा निकाल लागला त्या रविवारी नानांनी बाजारात पेढे वाटले. अब्बांना कोणी अभिनंदन म्हटलं की त्यांच्याआधी नानाच "हां, हां" म्हणून मान डोलवायचे. मेंदीवाल्या दलालाने दोन पेढे घेतले आणि म्हणाला, माझ्या पोरीचंबी ॲडमिशन करायचंय, कोणतं कॉलेज बरं?

पुढे नानांचे गुडघे गेले आणि बाजार सुटला. मी पालीला भेटायला जायचे. शेवटच्या भेटीत मी त्यांना मोबाईलवर विक्रीला असलेले ट्रॅक्टर दाखवले. त्यांनी फोन डोळ्यांजवळ नेला, लांब धरला, परत जवळ नेला. "झ्याक हाय," ते म्हणाले. "पर ह्यात खोड कुठं लिवलीय?" मी म्हणाले, लिहीत नाहीत. त्यांनी फोन माझ्या हातात परत दिला. "मग तू लिवत जा. तुला लिवाय येतं."

मागच्या उन्हाळ्यात दुपारी भाकरी खाऊन नाना लिंबाखाली आडवे झाले, ते उठले नाहीत. मातीला सगळा बाजार आला होता. उमापूरच्या काकूही आल्या होत्या, स्वतः ट्रॅक्टर चालवत.

आम्ही पुण्याला गेलो नाही. आमच्या घराण्यात कॉलेज पास झालेली मी पहिली. बाजाराच्या रस्त्यावर आता माझं जुन्या ट्रॅक्टरांचं दुकान आहे, परवाना माझ्या नावाचा आहे, आणि विकायला उभ्या असलेल्या प्रत्येक ट्रॅक्टरवर मी पाटी लावते. पाटीवर पहिल्या ओळीत त्याची खोड लिहिलेली असते.